राणीच्या थडग्यात किती माणसांनी उतरावे?

दक्षिण इजिप्तमधल्या लक्सर शहरासमोर, नाईलच्या पश्चिम काठावर, 'राण्यांचे खोरे' म्हणून ओळखल्या जाणाऱ्या रखरखीत दरीत 66 क्रमांकाचे एक थडगे आहे. रामसेस दुसरा या फेरोची पट्टराणी नेफरतारी हिच्यासाठी इ.स.पू. तेराव्या शतकात ते खडकात खोदले गेले आणि त्याच्या भिंतींवर सुमारे 520 चौरस मीटर रंगीत उठावचित्रे काढली गेली. इजिप्तमध्ये सापडलेल्या थडग्यांत इतके देखणे काम दुसरे नाही असे अनेक जाणकार मानतात, आणि नुसती छायाचित्रे पाहिली तरी ते पटते. 1904 साली ते उजेडात आल्यापासून लोकांना दाखवावे की बंद ठेवावे, हा प्रश्न सुटलेला नाही. विसाव्या शतकाच्या मध्यावर ते बंद झाले, 1995 मध्ये उघडले, 2003 मध्ये पुन्हा बंद झाले, 2016 मध्ये चढ्या दराच्या वेगळ्या तिकिटावर उघडले, आणि त्यानंतरही त्याची बंद-उघड चालूच राहिली आहे. माझे मत असे की हे थडगे सर्वसाधारण पर्यटनासाठी कायमचे बंद करावे, त्याची अव्वल दर्जाची प्रतिकृती जवळच उभारावी, आणि मूळ जागी कोणी किती वेळ जायचे हे तिकिटाच्या दराऐवजी भिंतीलगतच्या आर्द्रतामापकावर ठरावे.

ही राणी कोण होती हे आधी नीट सांगायला हवे, कारण थडगे उघडे ठेवण्याच्या बाजूने जी भावना बोलते ती बरीचशी तिच्याविषयीच्या अर्धवट कल्पनेवर पोसलेली आहे. रामसेस इ.स.पू. 1279 च्या सुमारास गादीवर आला, तेव्हा नेफरतारीचे त्याच्याशी लग्न झालेले असावे. कारकिर्दीच्या पहिल्याच वर्षी नेबवेनेनेफ याची अमुन देवाचा मुख्य पुरोहित म्हणून नेमणूक झाली, त्याच्या थडग्यातल्या त्या प्रसंगाच्या चित्रात ती राजासोबत आहे. तिच्या अनेक पदव्यांमध्ये 'राजकन्या' ही पदवी कोठेही आढळत नाही, म्हणजे ती राजघराण्यात जन्मलेली नव्हती. तिच्या थडग्यात आय या आधीच्या राजाचे नाव असलेली, वस्तू पकडायची एक मूठ सापडली, आणि तेवढ्या धाग्यावरून तिचे माहेर त्याच्या घराण्याशी जोडण्याचे प्रयत्न झाले. पण एका मुठीवर अख्खी वंशावळ उभी करणे हा उतावीळपणाच म्हणायचा.

तिच्या आयुष्यातली सर्वांत बोलकी गोष्ट इजिप्तच्या बाहेर सापडली. या दोन सत्तांमध्ये झालेल्या कादेशच्या लढाईनंतर बऱ्याच वर्षांनी, इ.स.पू. 1259 च्या सुमारास, इजिप्त आणि हिटाइट साम्राज्य यांच्यात तह झाला. त्या तहानंतर दोन्ही दरबारांत जो पत्रव्यवहार झाला त्यात नेफरतारीने हिटाइट राणी पुदुहेपा हिला लिहिलेले पत्र आहे. हिटाइटांची राजधानी हत्तुशा, म्हणजे आजच्या तुर्कस्तानातले बोगाझकॉय, इथे उत्खननात मिळालेल्या मातीच्या विटांवर ते अक्कादी या त्या काळच्या दरबारी पत्रव्यवहाराच्या भाषेत कोरलेले आहे आणि त्यात तिचे नाव 'नाप्तेरा' असे आले आहे. ती पुदुहेपाला बहीण म्हणून संबोधते, आपले आणि आपल्या देशाचे कुशल कळवते, तिच्या देशाचे कुशल चिंतते, दोन्ही राजांमधला बंधुभाव टिकावा अशी इच्छा व्यक्त करते आणि भेट म्हणून बारा पदरी सोन्याचा कंठा व रंगवलेली तागाची वस्त्रे पाठवते. मजकूर औपचारिक आहे आणि तो तसाच असायला हवा होता, कारण दोन पिढ्यांचे वैर मिटवणाऱ्या तहाला दोन्हीकडच्या राण्यांचा दुजोरा मिळणे हा त्या काळच्या राजकारणाचा भाग होता. पर्यटकांसाठीच्या माहितीपत्रकांत मात्र या पत्राला सहसा जागा मिळत नाही. तिथे दक्षिण इजिप्तमधल्या अबू सिंबेलच्या लहान मंदिरावरचे 'जिच्यासाठी सूर्य उगवतो' हे शब्द ठळक छापलेले असतात आणि राजाच्या प्रेमाची गोष्ट विकली जाते.

अबू सिंबेलचे ते मंदिर हथोर देवी आणि नेफरतारी यांच्या नावाने खडकात कोरलेले आहे. त्याच्या दर्शनी भागावर सहा उभे पुतळे आहेत, चार राजाचे आणि दोन राणीचे, आणि राणीचे पुतळे राजाच्या बरोबरीच्या उंचीचे आहेत. एरवी अशा शिल्पांत राणी राजाच्या गुडघ्याशी उभी असते, म्हणून ही बरोबरी डोळ्यांत भरते. त्यात प्रेम असेल, नाही असे नाही. पण इजिप्तच्या दक्षिणेकडच्या, कह्यात ठेवायच्या नूबिया प्रदेशात राजा आणि राणीला देवदेवतांच्या जोडीसारखे उभे करण्यात सत्तेचा हिशेबही होता. कारकिर्दीच्या चोविसाव्या वर्षाच्या आसपास हे मंदिर पुरे झाले आणि त्यानंतर नेफरतारीचे नाव नोंदींतून नाहीसे होते. तिचा थोरला मुलगा अमुन-हेर-खेपेशेफ हा युवराज होता, पण रामसेस सहासष्ट वर्षे राज्य करीत राहिला आणि तिचे मुलगे बापाच्या आधीच गेले. अखेरीस गादी मिळाली ती इसेतनोफरेत या दुसऱ्या राणीच्या मुलाला, मेरनेप्ताहला.

थडग्यातल्या चित्रांकडे या पार्श्वभूमीवर पाहिले की पहिली गोष्ट जाणवते ती अशी, की तिथल्या एकाही भिंतीवर रामसेस नाही. गिधाडाच्या आकाराचा सोन्याचा शिरपेच, त्यावर दोन उंच पिसे, अंगावर झिरझिरीत पांढरे तागाचे वस्त्र अशा रूपात राणी एकटीच देवांसमोर जाते. एका ठिकाणी ती मंडपात बसून सेनेत हा पटावरचा खेळ खेळते, समोर प्रतिस्पर्धी कोणी नाही. एका भिंतीवर ती ज्ञानदेव थोथ याच्यापुढे उभी राहून लेखणीची पाटी आणि पाण्याचे भांडे मागते, म्हणजे परलोकातही लिहिणाऱ्याचा अधिकार तिला हवा आहे. खाली, चार खांबांच्या दफनकक्षात, मृतांच्या ग्रंथातले दरवाजे आहेत; प्रत्येक दारावर सुरी घेतलेले रक्षक बसले आहेत आणि त्यांची नावे बिनचूक उच्चारल्याशिवाय पुढे जाता येत नाही. वर गडद निळ्या छतावर पिवळे तारे आहेत. हे सगळे एका व्यक्तीच्या एका प्रवासासाठी केलेले काम आहे. दफनविधी उरकला की दार चिणले जायचे आणि पुन्हा कोणी ते पाहायचे नव्हते. म्हणून आपण ते पाहूच नये असे मी म्हणत नाही; तेहतीस शतकांनंतर मृताच्या इच्छेचा दाखला देऊन अभ्यास बंद करणे हा भाबडेपणा होईल. मात्र ही जागा माणसांची वर्दळ सोसण्यासाठी बांधलेलीच नाही, एवढे तरी त्यावरून निघतेच.

चोरांनी अर्थात फार वाट पाहिली नाही. प्राचीन काळीच हे थडगे लुटले गेले आणि 1904 मध्ये इटलीतल्या तुरिनच्या इजिप्शियन संग्रहालयाचे संचालक एर्नेस्तो स्कियापारेल्ली आत शिरले तेव्हा त्यांच्या हाती उरलेसुरलेच लागले: गुलाबी ग्रॅनाइटच्या शवपेटीच्या फुटलेल्या झाकणाचे तुकडे, लाकडी उशाब्ती म्हणजे परलोकात राणीची कामे करण्यासाठी ठेवलेल्या बाहुल्या, काही ताईत, विणलेल्या वहाणांचा एक जोड आणि ममी केलेल्या पायांचे, गुडघ्यांजवळचे तुकडे. हे सारे तुरिनला गेले आणि आजही तिथेच आहे. 2016 मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात ते पाय चाळीस ते साठ वयाच्या स्त्रीचे असून ते नेफरतारीचे असण्याची शक्यता सर्वाधिक आहे, असा निष्कर्ष निघाला. गुडघ्यांत संधिवाताच्या खुणाही दिसल्या. म्हणजे आज लक्सरच्या थडग्यात राणी नाही, तिच्या वहाणा नाहीत, तिची शवपेटीही नाही. तिथे उरल्या आहेत त्या फक्त भिंती, आणि त्याही धोक्यात आहेत.

हा धोका कसा आहे ते थोडे तपशिलात पाहायला हवे, कारण सगळा वाद शेवटी मिठापाशी येऊन थांबतो. राण्यांच्या खोऱ्यातला चुनखडक कच्चा आणि भेगाळलेला आहे. राजांच्या खोऱ्यातल्या काही थडग्यांत कारागिरांनी थेट दगडात कोरीवकाम केले, तसे इथे शक्य नव्हते. म्हणून देइर अल-मदिना या वस्तीतल्या कारागिरांनी खडकावर गिलाव्याचे जाड थर दिले, त्यात उठाव घडवले आणि त्यावर रंग भरले. खडकात मूळचे मीठ होतेच, अगदी आपल्या स्वयंपाकात असते तेच सोडियम क्लोराइड. गिलावा कालवायला लागलेल्या पाण्याने ते मीठ विरघळवले आणि भिंती सुकू लागल्या तसे ते पृष्ठभागाकडे सरकले. पुढे डोंगरातून झिरपलेल्या पाण्याची त्यात भर पडली. पाणी उडून गेले की मिठाचे स्फटिक बनतात. ते कधी रंगाच्या पापुद्र्याखाली बनतात आणि त्याला उचलतात, कधी खडक आणि गिलावा यांच्यामधल्या फटीत वाढत जातात आणि अख्खा तुकडा भिंतीपासून सोडवतात. रंगवलेली राणी तशीच्या तशी दिसत राहते, पण तिच्या पाठीमागे पोकळी तयार झालेली असते, आणि एके दिवशी तो भाग खाली येतो.

स्कियापारेल्लींनी दार उघडले तेव्हाच काही ठिकाणचे रंग गळून पडलेले होते, याची साक्ष त्यांच्या मोहिमेत काढलेल्या काचेच्या छायाचित्रांतून मिळते. थडग्यातले तापमान साधारण 29 अंश सेल्सियस इतके स्थिर राहते आणि हवा कोरडी असते. ही स्थिती तशीच राहिली तर मीठ स्वस्थ बसते. माणूस आत आला की श्वासातून आणि घामातून बाष्प सोडतो. पंधरा-वीस माणसांचा गट उकाड्यात डोंगर चढून आला, घामाघूम होऊन खाली उतरला आणि दहा मिनिटे थांबून गेला की हवेतला ओलावा चढतो. गट गेला की हळूहळू उतरतो. दिवसभर असे चढ-उतार होत राहिले की मीठ पुन्हा पुन्हा विरघळते आणि पुन्हा पुन्हा गोठते. एका पर्यटकाने भिंतीला बोटही लावले नाही, अगदी शिस्तीत उभा राहिला, तरी त्याच्या असण्यानेच हे नुकसान होते. म्हणून 'लोकांना शिस्त लावा, काचा बसवा, पहारे वाढवा' हे उपाय इथे अपुरे पडतात.

1986 ते 1992 या काळात अमेरिकेतली गेटी संवर्धन संस्था आणि इजिप्तचे पुरातत्त्व खाते यांनी मिळून या थडग्यावर जे काम केले ते भित्तिचित्रांच्या जतनाच्या इतिहासात आदर्श मानले जाते. पाओलो आणि लॉरा मोरा या इटालियन दांपत्याच्या मार्गदर्शनाखाली आधी तातडीचा इलाज झाला: जिथे जिथे गिलावा सुटला होता तिथे तुतीच्या सालीपासून केलेल्या जपानी कागदाच्या बारीक पट्ट्या चिकटवून तो धरून ठेवण्यात आला. अशा हजारो पट्ट्या भिंतींवर होत्या. मग एकेक पट्टी काढत, मागचे मीठ साफ करत, गिलावा पुन्हा खडकाला जोडण्यात आला. महत्त्वाचा निर्णय असा होता की जिथे रंग गेला आहे तिथे नव्याने काहीही रंगवायचे नाही. आपल्याकडे अजिंठ्याला याच्या उलट अनुभव आहे. 1920 च्या सुमारास निजाम सरकारने इटलीहून बोलावलेल्या लोरेन्झो चेक्कोनी आणि त्यांच्या सहकाऱ्याने सुटलेले रंग पक्के बसवले, ते काम चांगलेच होते. पण चित्रांवर लाखेचे रोगण दिले, ते पुढे पिवळे पडले आणि ते काढण्यात कित्येक वर्षे गेली. उत्साहाने केलेला उपाय पुढच्या पिढीच्या गळ्यात पडतो हे त्यातून शिकावे आणि नेफरतारीच्या थडग्यातल्या संयमाला दाद द्यावी. मात्र त्या संयमाचे फळ टिकवायचे तर कामानंतरची वागणूकही संयमाची हवी होती, आणि गाडे तिथेच अडले.

1995 च्या नोव्हेंबरमध्ये थडगे उघडले तेव्हा रोज दीडशे माणसे आणि प्रत्येकाला दहा मिनिटे, असा नियम होता. हा आकडा भिंतीची सोसण्याची ताकद आणि पर्यटन खात्याची गरज यांच्यातली तडजोड होती. 2003 मध्ये दार बंद झाल्यावर ते खऱ्या अर्थाने बंद राहिले असेही नाही; खास परवाना काढून मोठी रक्कम मोजणाऱ्या लहान गटांसाठी ते उघडत असे. 2016 पासून सर्वांना प्रवेश मिळाला, पण वेगळ्या तिकिटावर, ज्याचा दर सुरुवातीला एक हजार इजिप्शियन पौंड होता आणि पुढे वाढत गेला. या धोरणाचे समर्थन असे केले जाते की दर चढा ठेवला की गर्दी आपोआप आटोक्यात राहते आणि जतनासाठी पैसाही उभा राहतो. वरवर हे शहाणपणाचे वाटते. पण दर आणि ओलावा यांचा संबंध काय? ज्या वर्षी इजिप्शियन पौंड घसरतो त्या वर्षी परदेशी पाहुण्याला तेच तिकीट स्वस्त पडते आणि गर्दी वाढते. भिंतीतल्या मिठाला चलनबाजाराची खबर नसते. शिवाय दर हा एकदा उत्पन्नाचा मार्ग झाला की त्यावर अंदाजपत्रक उभे राहते, आणि अंदाजपत्रकात धरलेली रक्कम सोडून द्यायला कोणतेही सरकार सहजासहजी तयार होत नाही.

बंद ठेवण्याविरुद्धचे दोन मुद्दे मात्र हलक्यात घेण्याजोगे नाहीत. लक्सर शहर पर्यटनावर जगते. 2011 नंतरच्या अस्थिर वर्षांत पर्यटक आटले तेव्हा तिथल्या नावाड्यांपासून वाटाड्यांपर्यंत सगळ्यांच्या पोटाला चिमटा बसला, आणि ज्या देशाला परकीय चलनाची चणचण आहे त्याला दुरून उपदेश करणे सोपे असते. परंतु नेफरतारीच्या थडग्यासाठी म्हणून कोणी इजिप्तला येत नाही. लोक कर्नाक, राजांचे खोरे, हत्शेप्सुतचे मंदिर यांसाठी येतात आणि हे थडगे त्यांच्या यादीत वरचे तिकीट म्हणून जोडले जाते. ते बंद झाल्याने नावाड्याची फेरी बुडत नाही. दुसरा मुद्दा अधिक टोकदार आहे: वारसा सर्वांचा आहे, तर तो तज्ज्ञांच्या एका टोळक्यापुरता का राखायचा? हा प्रश्न मला रास्त वाटतो, फक्त तो विचारायचा तर चढ्या तिकिटाच्या व्यवस्थेलाही विचारायला हवा. 2016 नंतर दार उघडले ते खिसा जड असलेल्यासाठी. पश्चिम काठावरच्या खेड्यातली शाळकरी मुलगी त्या पायऱ्या किती वेळा उतरली असेल? पैशाने केलेली निवड लोकशाहीची आणि ज्ञानाने केलेली निवड मक्तेदारीची, हा तर्क मला समजत नाही.

प्रतिकृतीच्या नावाने नाक मुरडले जाते, पण इथे अनुभव गाठीशी आहे. फ्रान्समधली, प्रागैतिहासिक चित्रांची लास्को गुहा 1963 मध्ये बंद झाली आणि वीस वर्षांनी शेजारी तिची प्रतिकृती उघडली. लोक तिथे जात राहिले. खुद्द लक्सरमध्ये तुतनखामुनच्या दफनकक्षाची तंतोतंत प्रतिकृती 2014 पासून, ते थडगे शोधणाऱ्या हॉवर्ड कार्टरच्या जुन्या घराजवळ उभी आहे. ती फॅक्तुम आर्ते या संस्थेने भिंतींचे सूक्ष्म मोजमाप घेऊन तयार केली आहे. तुतनखामुनचे मूळ थडगे मात्र अजून खुलेच आहे, म्हणजे प्रयोग अर्ध्यावर सोडला गेला. मूळ आणि नक्कल दोन्ही शेजारी उघडी असतील तर कोणीही मूळच पाहायला जाणार. नेफरतारीच्या बाबतीत मूळ बंद करूनच प्रतिकृती उघडली पाहिजे.

आणि प्रतिकृतीत एक गोष्ट साधता येईल, जी मूळ जागेत कधीच साधणार नाही. तिथे राणीच्या आयुष्याचे विखुरलेले पुरावे एकत्र मांडता येतील: तुरिनमधल्या वहाणा आणि शवपेटीच्या झाकणाचे तुकडे, हत्तुशातले पत्र, अबू सिंबेलच्या दर्शनी भागाचे मोजमाप, नेबवेनेनेफच्या थडग्यातला तो प्रसंग, आणि 1904 च्या छायाचित्रांतली भिंत व आजची भिंत शेजारी शेजारी. मूळ थडग्यात दहा मिनिटांत, रांगेतल्या पुढच्या माणसाच्या खांद्यावरून जे दिसते त्यापेक्षा इथे तासभर बसून वाचणाऱ्याला राणी अधिक कळेल. निदान 'राजाची लाडकी' या ठशातून ती बाहेर येईल. अर्थात प्रतिकृती उभारली म्हणजे काम झाले असे नाही. अजिंठ्याच्या पायथ्याशी 1, 2, 16 आणि 17 या लेण्यांच्या प्रतिकृतींसह मोठे अभ्यागत केंद्र बांधले गेले आणि थकलेल्या पाणी-विजेच्या बिलांपायी ते बंद पडले. इमारतीला निधी मिळतो, उद्घाटनाला मंत्री मिळतात, दरमहाच्या खर्चाला वाली मिळत नाही. लक्सरला हा धडा आधीच घेता येईल: प्रतिकृतीच्या तिकिटाचे उत्पन्न आधी तिच्या देखभालीला आणि मग मूळ थडग्याच्या निगराणीला बांधून टाकावे, तिसऱ्या खात्याकडे ते वळू नये.

मूळ थडग्यात वर्षाकाठी काही माणसे जावीत, याला माझी हरकत नाही. संवर्धक जातीलच. त्यांच्याखेरीज सोडत काढून थोड्या सामान्य लोकांना, त्यातही निम्म्याहून अधिक इजिप्तच्या विद्यार्थ्यांना, हवा कोरडी असलेल्या महिन्यांत, मोठे अंतर राखून जाऊ द्यावे आणि त्यासाठी तिकीट नाममात्र असावे. मापकाने ठरलेली मर्यादा ओलांडली की त्या दिवशी रांगेत कोणीही असो, दार लागले पाहिजे.

अडचण आहे ती हे दार लावणाऱ्या हाताची. 2019 च्या डिसेंबरमध्ये इजिप्तने पर्यटन आणि पुरातत्त्व ही दोन मंत्रालये एकत्र केली, त्यामुळे पर्यटकांची संख्या वाढवण्याची आणि त्या पर्यटकांपासून भिंती वाचवण्याची जबाबदारी आज एकाच मंत्र्याच्या टेबलावर आहे. त्या मंत्र्याला दोष देण्यात अर्थ नाही. वर्षाअखेरीस त्याला विचारला जातो तो पर्यटकांचा आकडा, आर्द्रतेचा नव्हे. म्हणून 66 क्रमांकाच्या थडग्यापुरता तरी दार लावण्याचा अधिकार या मंत्रालयाबाहेरच्या, संवर्धकांचे बहुमत असलेल्या समितीकडे जायला हवा, तिचा निर्णय मंत्र्याला फिरवता येऊ नये, आणि आतल्या आर्द्रतेच्या नोंदी दर महिन्याला जाहीर व्हाव्यात, म्हणजे दार कोणत्या दिवशी आणि कोणासाठी उघडले होते हे कोणालाही पडताळून पाहता येईल.